पाठीवरचा खो

आई, मैदानावर तुला ‘बाई’ म्हणायचं आणि घरी आल्यावर ‘आई’, हा नियम तुझाच. फाटकातून आत पाऊल टाकलं की मी तुझी कुणी नाही, हे तू मला चौथीत असतानाच सांगून टाकलं होतंस, तेही सगळ्या पोरींसमोर, म्हणजे पुढं कुणाला शंका नको. आता तुला जाऊन इतकी वर्षं झाली की शहराचंसुद्धा नाव बदललं. तेव्हा तुझे नियम पाळायला मी काही बांधलेली नाही. या पत्रात मी तुला आईच म्हणणार आहे, आणि तुला चरफडायचं असेल तर खुशाल चरफड.

मी कादंबरी लिहिलीय. हस, हस. कादंबरी म्हणजे रिकामटेकड्या बायकांची दुपार, असं तुझं मत होतं. आठवतं का, मी मैदानाच्या कडेला पाण्याच्या टाकीआड बसून वाचत होते आणि तू येऊन उभी राहिलीस? मारशील असं वाटलं. मारलं असतंस तर किती बरं झालं असतं! तू पुस्तक चाळलंस, माझ्या हातात परत दिलंस, सगळ्या पोरींना रांगेत उभं केलंस आणि म्हणालीस, “हिला गोष्टीची लई हौस आहे. ही मोठ्यानं वाचंल, तुम्ही बैठका मारा. हिचं प्रकरण संपलं की तुमच्या बैठका संपल्या.” मी वाचताना अडखळले की तू म्हणायचीस, “वाच की गं, पोरींना आवडायलंय.” एकीच्या पोटऱ्या वळल्या, ती खाली बसली, तिला तू दंडाला धरून उभं केलंस आणि मला म्हणालीस, “हां, पुढं काय झालं?” त्या दिवसापासून संघात मला कुणी पाण्यालासुद्धा विचारेना. एकटी ती, माझ्या शेजारच्या चौकटीत बसणारी, बैठका मारता मारता पुटपुटली होती, “दोन पानं एकदम उलट ना, बाईला काय कळतंय.” मी उलटली. तेवढ्या एका वाक्यावर मी तिच्यावर जीव टाकायला लागले.

ती चितेगावची. बाप तिथंच एका कंपनीत हेल्पर. तालुक्याच्या सामन्यात तू तिला पळताना पाहिलंस आणि बाजारातून चांगली जोंधळ्याची पायली मिळावी तशी खुशीत घरी आलीस. स्पर्धा जवळ आल्या की पैठण रोडच्या गाड्यांमध्ये लोंबकळत यायला नको म्हणून ती महिना महिना आपल्याकडंच राहायची. आपल्या घरात अंडं शिजत नव्हतं, बाबांना वाससुद्धा सोसायचा नाही. पण तू मागच्या मोरीपाशी वेगळा स्टोव्ह मांडलास, वेगळं पातेलं काढलंस, आणि रोज सकाळी स्वतःच्या हातानं अंडी सोलून तिच्या ताटलीत ठेवायला लागलीस. मी एकदा हात पुढं केला. तू ताटली उचलून घेतलीस. “तुला काय करायचीत? तिला पळायचंय.” मीही पळतच होते गं. सकाळ-संध्याकाळ, तिच्याच बरोबरीनं, तुझ्याच शिट्टीवर. ती मग अर्धं अंडं रुमालात बांधून माझ्यासाठी आणायची. बिनमिठाचं, गार, रुमालाचा वास लागलेलं. मला ते मुळीच आवडायचं नाही, पण मी प्रत्येक वेळी सगळं खाल्लं.

आणि तुझी ती उठवायची रीत. बाहेरच्या कुणाला सांगितली तर खोटी वाटेल, म्हणून कादंबरीत मी ती जशीच्या तशी लिहिली. संघातून कुणाला काढायचं असलं की तू तोंडानं नाव घ्यायची नाहीस. सगळ्यांना मधल्या रेषेवर उकिडवं बसवायचीस, एकीचं तोंड इकडं, दुसरीचं तिकडं, खेळात बसतात तसंच, फक्त मान गुडघ्यात आणि डोळे मिटलेले. मग कॅप्टननं रेषेच्या कडेनं मागून चालायचं आणि जिला काढायचं तिच्या पाठीवर थाप मारून म्हणायचं, ‘खो’. जिला खो बसला तिनं उठायचं, छातीवरचा नंबर सोडून खांबाला बांधायचा आणि फाटकाबाहेर जायचं. मागं बघायचं नाही, रडायचं नाही. “खो का दिला असं मैदानात कुणी विचारत नसतं,” हे तुझं आवडतं वाक्य. पोरीचे आईबाप भांडायला आले की तू हात वर करायचीस, मी कुठं काढलं, पोरींनी काढलं, खेळ त्यांचा आहे. खेळात ज्या हातानं आम्ही एकमेकींना पळायला उठवायचो, त्याच हातानं तू आम्हाला एकमेकींना हाकलायला लावलंस. आणि आम्हाला, काय सांगू, त्यात काही वावगंसुद्धा वाटायचं नाही. निवडीच्या दिवशी आम्ही केस चापूनचोपून बांधून यायचो.

त्या वर्षी कॅप्टन ती होती. राज्याच्या स्पर्धेला जायचं होतं आणि संघात एक पोरगी जास्त होती. पदक मिळालं तर खेळाडूंच्या कोट्यातून नोकरी लागते, ही बातमी तिच्या बापापर्यंत पोचली होती, तो दर आठवड्याला फाटकापाशी येऊन तुला नमस्कार घालून जायचा. मला नोकरीची पडली नव्हती. मला एवढंच हवं होतं की तुझ्या संघात मी असावं. आई म्हणून मी तुला आयती मिळाले होते, त्यात तुझा काही इलाज नव्हता. बाई म्हणून तू मला निवडून घ्यावंस, बस्स. दुसरं काही मागितलं नाही मी तुझ्याकडं कधी.

निवडीचा दिवस. मी रेषेवर बसलेय. मैदानाला नुकतंच पाणी मारलंय. तिची पावलं मला ओळखू येतात, उजवं पाऊल जरा घासत टाकते ती. पावलं माझ्या मागून पुढं जातात, टोकापर्यंत जातात, परत फिरतात. मला खात्री आहे की माझ्या पलीकडची जाणार, परवाच पाय मुरगळून घेतलाय तिनं. आणि थाप माझ्या पाठीवर बसते. हलकी, इतकी हलकी की सामन्यात पंचांनी धरलीच नसती, आणि ‘खो’ हा शब्दही तिच्या तोंडातून धड निघत नाही. मी तशीच बसून राहते. म्हटलं, चुकून हात लागला असेल. तेवढ्यात खांबाकडून तुझा आवाज येतो, “ऐकू आलं नाय. परत दे.” आणि ती परत देते. जोरात, पंजा उमटेल असा.

संध्याकाळी तू भाकरी करत होतीस. ती त्या दिवसापासून शाळेतच झोपायला जायला लागली. मी ओट्याला टेकून उभी राहिले आणि तुझा नियम मोडून विचारलं, “तू सांगितलंस का तिला?” तू तव्यावरची भाकरी उलटलीस. “कॅप्टनला विचार. मी खांबाकडं होते.” “तू माझी आई आहेस,” मी म्हणाले. “व्हय, मग? जेवायला वाढायलेच की.” तू दोन भाकऱ्या खाल्ल्यास, वरून ताक मागितलंस, आणि ताट उचलताना म्हणालीस, “उद्यापासून पहाटं उठू नको आता. निवांत झोप.” तुझ्याकडून मला मिळालेली ती एकच सुट्टी. मी दुसऱ्या दिवशी तरीही पहाटेच जागी झाले, आणि तुम्ही दोघी मैदानावर गेलेल्या आहात हे माहीत असून पांघरुणात पडून राहिले.

संघ पदक घेऊन आला. ती पुढं पोलिसात लागली. मी मराठीत एम.ए. केलं, कॉलेजात शिकवायला लागले, कादंबऱ्या वाचायच्या म्हणून पगार मिळतो, तेही तुझ्या नाकावर टिच्चून. तिच्याशी मी बोलले नाही. तू गेलीस तेव्हा ती खाकी वर्दीत आली आणि तुझ्या पायाशी बसून ढसाढसा रडली. बायका मला बाजूला सारून तिला पाणी देत होत्या. माझे डोळे कोरडे होते, त्यावरून आत्यानं मला सुनावलंसुद्धा.

तर कादंबरी. दोन खो-खो खेळणाऱ्या मैत्रिणी, त्यांच्यातली ओढ आणि चढाओढ, आणि एकीच्या घरात शिस्तीची मास्तरीण आई. खेळणाऱ्या बायकांवर आपल्याकडं लिहितंय कोण, म्हणून लोकांनी कौतुकानं वाचली. कॅप्टन स्वतःच्या नोकरीपायी मैत्रिणीला उठवते, असं मी लिहिलं, कारण मला तेच माहीत होतं. तुझं मात्र मी काहीच्या बाही केलंय बघ. कादंबरीत तू आपला नियम मोडू शकत नाहीस, पोरीला परत बोलवू शकत नाहीस, आणि त्या संध्याकाळी भाकरी थापता थापता तुझे अश्रू पिठात पडतात. गारखेड्याच्या वाचनकट्ट्यावर एक बाई डोळे पुसत मला म्हणाली, “मॅडम, ते भाकरीचं पान मी पुन्हा पुन्हा वाचते. अशी आई मिळायला नशीब लागतं हो.” मी मान डोलावली. त्या बाईला ताकाचं काय सांगणार?

आणि मग ती आली. इतक्या वर्षांनी, साध्या पंजाबी ड्रेसात, स्कुटीवरून. चपला काढून सोफ्याच्या अगदी कडेला बसली. केस पांढरे झालेत तिचे. पाणी प्यायली आणि म्हणाली, “वाचलं तुझं पुस्तक. लई भारी लिवलंस. बाईंची तर पार देवी करून ठिवली.” मी विचारलं, “मग? चुकलं काय त्यात?” तर हसली. “त्या दिवशी सकाळी तू न्हायला गेली होतीस. बाई माझ्यासाठी अंडं सोलायल्या होत्या. सोलता सोलता म्हणल्या, आज माझ्या पोरीला उठवायचं. मी म्हणलं, बाई, तिनं काय केलं? तर म्हणल्या, काय केलं नाय, पण तुम्ही दोघी दुसऱ्या कुणाला खोच देत नाय, सगळ्या जिल्ह्याला पाठ झालंय ते. मैत्रिणी असल्या की खो उशिरा बसतो. एक गेली की दुसरी मोकळी पळंल. मी म्हणलं, मग मला काढा. तर म्हणल्या, तुझ्यावाचून संघ पळत नाय. तिच्यावाचून पळतो.” तिनं पाण्याचा ग्लास खाली ठेवला. “आन नाय उठवलं तर मी तुलाच उठवीन, म्हणल्या. मग जा चितेगावला, बापाला सांग काय सांगायचं ते. आन अंडं माझ्या ताटलीत ठिवलं.”

मी तिच्यावर लगेच विश्वास ठेवला, आई. ‘तिच्यावाचून पळतो.’ हे तिला रचता आलंच नसतं. असलं वाक्य फक्त तुझं असू शकतं, अंडं सोलत, मान वर न करता म्हटलेलं. मी कितीतरी वर्षं कादंबरीत तुझ्या तोंडी घालायला वाक्यं शोधत होते आणि एक जमलं नव्हतं. आणि खरं सांगते, मला आधी दुःख नाही झालं. मला तिचा राग आला. ती हे घेऊन माझ्या घरी आलीच का म्हणून.

ती का आली होती ते तिनं सांगितलं. तिची पोरगी पंधरा वर्षांची आहे, खो-खोच खेळते. कट्ट्यावरच्या कुणाची तरी लेक तिच्या संघात, पुस्तक फिरत फिरत तिथं पोचलं. चितेगावची, पुढं पोलिसात गेलेली कॅप्टन म्हणजे कोण हे ओळखायला किती वेळ लागणार? पोरी हिच्या पाठीवर थापा मारून हसायला लागल्या, आई गद्दार म्हणून. पोरीनं आईला विचारलं, आईनं खरं सांगितलं, तर पोरगी म्हणाली, पुस्तकात कशाला कुणी खोटं लिहील, तूच आता पांघरूण घालायलीस. महिना झाला, ती आईबरोबर जेवत नाही. खेळही सोडते म्हणाली. “पुस्तकाला हात लावू नको,” ती मला म्हणाली. “बाईंचं नाव ऱ्हाऊ दे, मला बी त्यांनीच माणसात आणलं. फकस्त माझ्या पोरीला एकदा तोंडानं सांग. तिचा माझ्यावर इश्वास नाय, तुझ्यावर आहे. लेकरू तुटायलंय गं माझं.” तिला असं मागताना मी कधी पाहिलं नव्हतं. मी येते म्हणाले. मनापासून म्हणाले.

रविवारी मी मुकुंदवाडीला तिच्या घरी गेले. ती आत पोह्यांना फोडणी देत होती. पोरगी समोर येऊन बसली. आईचेच लांब पाय, आईचीच मान. हातात माझं पुस्तक, भाकरीच्या पानाचा कोपरा दुमडलेला. “मावशी,” ती म्हणाली, “आई म्हणती, बाईंनी सांगितलं म्हणून तिनं तुम्हाला उठवलं. खरंय का?” मी तोंड उघडलं. सांगणारच होते. तेवढ्यात ती पुढं म्हणाली, “तुमची आई किती जीव लावायची तुम्हाला. नियमामुळं काही करता येईना, पण रडली तरी तुमच्यासाठी. मला लई वाटतं, मला अशी आई पाहिजे होती.” आणि माझ्याकडं तिनं हेव्यानं बघितलं. हेव्यानं, आई! माझा, तुझ्यापायी, कुणी हेवा केला. असं कुणी कधी केलं नव्हतं. खरं बोलायचं म्हणजे या पोरीसमोर हे सोडून द्यायचं. म्हणायचं, नाही गं, माझ्या आईला मी नको होते, माझ्यावाचून तिचं सगळं नीट चालत होतं.

“पुस्तकात आहे तेच खरं, बाळा,” मी म्हणाले. आवाज अगदी शांत होता माझा. आणि कुणी मागितलं नव्हतं तरी वर जोडलं, “पण आईवर राग धरू नको. तेव्हा आम्ही लहान होतो.” माफी देणाऱ्या माणसाला किती मोठेपणा मिळतो ते तुला ठाऊक नसेल, तू कुणाला दिली नाहीस.

ती स्वयंपाकघराच्या दारात उभी होती, हातात ताटल्या. सगळं ऐकलं तिनं. पोरगी उठली, आईच्या अंगावरून आतल्या खोलीत गेली आणि दार लावून घेतलं. तिनं ताटली माझ्यासमोर ठेवली, त्यातली लिंबाची फोड कडेला सरकवली आणि म्हणाली, “खा. गार व्हतील.” ती ओरडली असती, माझ्या तोंडात मारली असती, तर मी कदाचित उठून त्या बंद दारावर थाप मारली असती. पण तूच शिकवलंयस तिला, खो का दिला असं विचारत नसतात. तिनं विचारलं नाही. मी पोहे खाल्ले. चांगले झाले होते, दाणे जरा जास्त होते.

आता हे पत्र. तुला धाडायला पत्ता नाही, ते सोड. पण यात सगळं लिहिलंय, माझ्या अक्षरात, आणि ते एका पोरीच्या हातात दिलं की एक घर पुन्हा एका ताटात जेवेल. इथून मुकुंदवाडी रिक्षानं किती लांब आहे? मी हे पत्र नेणार नाही. घडी घालून कपाटात टाकीन, आणि मी मेल्यावर कुणाला सापडलंच तर सापडेल, तोवर ती पोरगी मोठी होऊन तिला स्वतःची पोरं झालेली असतील.

एक सांगायचं राहिलं. निघताना ती मला जिन्यापर्यंत सोडायला आली. मी चप्पल घालत होते. ती कठड्याला धरून उभी होती, डोळे लाल, आणि हळू आवाजात म्हणाली, “तू बाईंचीच गं.” शिवी दिली तिनं मला, यापेक्षा मोठी शिवी तिच्याकडं नव्हती. मी मान खाली घालून जिना उतरले. आई, मला इतकं बरं वाटलं.